बारावा राजहंस

फुलांच्या घाऊक बाजारात तिला सगळे 'हातोडी' म्हणत. सासरी ती दोन सुनांमधली दुसरी, म्हणून धाकटी. पण बाजारात घरचं नातं विचारायला वेळ कुणाला होता? पहाटे साडेपाचला फुलांच्या बादल्या ओळीने लागायच्या, धाकटी लाकडी ओट्यावर चढायची, आणि पुढचे तीन तास त्या पत्र्याच्या छपराखाली फक्त तिचा आवाज आणि तिच्या हातातली हातोडी चालायची. एक वार, दोन वार, तीन वार, ठक्, की गुलाब गेले. पुन्हा ठक्. लिली गेली. चौदा वर्षं तिने असा दुसऱ्यांचा माल लिलावात पुकारला होता.

लोकांना वाटायचं, हिची कमाई आवाजाची आहे. खरी कमाई डोळ्यांची होती. कोण किती पाण्यात आहे हे तिला समोरच्याच्या चेहऱ्यावरून कळायचं. कान खाजवणारा अजून दोनदा चढणार, उगाच हसणारा संपला, आणि ज्याला मालात रसच नाही असं तोंड करून जो उभा असतो त्यालाच माल हवा असतो. कुणाला कुठवर ताणायचं आणि कुठे सोडायचं, याचं गणित तिला शिकवावं लागलं नव्हतं.

आता तिला स्वतःचा गाळा घ्यायचा होता. शीतगृहाच्या दाराशी असलेला कोपऱ्यावरचा गाळा, म्हणजे माल उतरला की दहा पावलांवर. म्हातारा व्यापारी तो सोडून चालला होता, आणि बाजार समितीने तो तिच्या नावाने राखला होता. अट एकच: पुढच्या हंगामाआधी, ठरल्या बुधवारपर्यंत अनामत भरायची. नाही भरली तर गुरुवारी गाळा लिलावात. सहा वर्षं ती त्या अनामतीसाठी साठवत होती. पगार रोखीने हातात पडायचा, ती तसाच नवऱ्याकडे द्यायची, आणि नवरा बँकेत टाकायचा. पाण्याचे मीटर वाचत दारोदार फिरणारा हा माणूस आकड्यांत चुकायचा नाही आणि खोटं बोलताना अडखळायचा. असा नवरा असल्यावर पासबुक कोण उघडून बघतं?

असो. भांडण गाळ्यावरून नव्हतं. भांडण एका खेळावरून झालं, आणि तोही फोनवरच्या.

'फुलबाग' असं त्या खेळाचं नाव. प्रत्येकाला जमिनीचा एक तुकडा मिळायचा, खोटा. त्यात खोटी रोपं लावायची, खोटं पाणी घालायचं. इथपर्यंत फुकट. पण कारंजं हवं, संगमरवरी पूल हवा, मोर हवा, तर मोहरा लागायच्या, आणि मोहरा मात्र खऱ्या पैशांनीच मिळायच्या. एकदा पैशांच्या मोहरा झाल्या की त्यांचे पुन्हा पैसे होत नसत. बाजारात गुलाबाच्या जुडीमागे अर्धा तास घासाघीस करणारी माणसं या न सुकणाऱ्या, न वास येणाऱ्या गुलाबावर डोळे मिटून पैसे उधळत होती. धाकटीला याचं हसू यायचं. हसू येतं तोवर सगळं ठीक असतं.

सासरचं सगळं गणगोत, चाळीसेक माणसं, या खेळात एका आळीत राहायचं. त्या आळीची राणी म्हणजे थोरली, धाकटीची मोठी जाऊ. थोरला दीर दुकानात फरशा विकायचा आणि थोरली ते पैसे बागेत पेरायची. तिच्या फाटकावर सोन्याची पाटी होती. चुलत्या, मावश्या, त्यांच्या सुना, सगळ्या तिला 'राणीसाहेब' म्हणत, आणि थोरलीला ती थट्टा वाटत नसे.

थोरलीच्या मुलीचा वाढदिवस बागेतही झाला. तिच्या भावंडांची पडद्यावरची बाहुलीएवढी माणसं फाटकातून आत शिरली, नाचली, कारंज्यापाशी जमली. धाकटीची दहा वर्षांची लेकही गेली, पण फाटक उघडेना. मोहरा घालून बाग जितकी सजवावी तितकी तिची पायरी वर जायची, आणि विसाव्या पायरीखालच्या बागांना प्रवेश नाही, असं थोरलीने ठरवलं होतं. लेक खुर्चीत पाय दुमडून बसली होती आणि पुन्हा पुन्हा फाटक दाबत होती. पडद्यावर पिवळ्या झग्यातली तिची बाहुली कुंपणाबाहेर उभी होती. तासभर तशीच. मग थोरलीने सगळ्यांना दिसेल असं लिहिलं, "फुकट्या बागेवाल्यांनी बाहेरूनच बघावं. बघायला पैसे पडत नाहीत."

त्याखाली तीस जणांनी हसणारे चेहरे टाकले. त्यात एक सासूबाईंचा होता. त्यांना काय दाबलं हे कळलं नसेल, पण दाबला खरा.

"खेळ आहे गं," नवरा म्हणाला. "वहिनीच्या मनात तसं नसतं. नको मनावर घेऊस."

"नाही घेत," धाकटी म्हणाली, आणि तिने घेतलं. असं घेतलं की दोन दिवस तिला जेवण गोड लागेना. भांडायला ती गेली नाही. भर बाजारात भांडणाऱ्याचा माल सुकतो, हे तिने चौदा वर्षं बघितलं होतं. पण या बाईला मी नागवी करीन, आणि तिच्याच हौसेने करीन, असं तिने मनात पक्कं केलं. पोरीचे डोळे पुसताना केलं, म्हणजे गंमत म्हणून नव्हे.

रस्ता खेळातच सापडला. दर रविवारी पाच वाजता तिथे एका राजहंसाचा लिलाव व्हायचा. आठवड्याला एकच. ज्याच्या तळ्यात राजहंस, त्याचं नाव आळीत सगळ्यांत वर. बोली लावायला मोहरा आधी हाताशी असाव्या लागत. कुणी तुमच्यावर चढलं की तुमच्या मोहरा तुम्हाला परत. शेवटच्या मिनिटात कुणी बोली वाढवली की घड्याळ आणखी एक मिनिट पुढे. हे वाचून धाकटी खुर्चीत ताठ बसली. अरे, हे तर आपलंच काम!

बाजारातून दोन पगारांएवढा बोनस मिळाला होता. त्यातले चार पैसेही तिने नवऱ्याला दाखवले नाहीत. "यंदा नाही दिला मालकांनी," म्हणाली. सगळ्याच्या चोवीसशे मोहरा घेतल्या आणि 'पाहुणा' नावाने एक नवी बाग उघडली. गाळ्याच्या पैशाला पहिली गळती तिनेच लावली, हे सांगायलाच हवं.

रविवारी बाजार बंद असायचा. "शीतगृह बघून येते," असं सांगून ती निघायची, रिकाम्या छपराखाली आपल्याच ओट्यावर बसायची आणि पाच वाजायची वाट बघायची. पहिल्या रविवारी थोरली सहाशेला राजहंस घेऊन मोकळी होणार होती. पाहुण्याने आठशे केले. थोरली हजार. पाहुणा बाराशे. अठराशेवर धाकटीने हात आखडता घेतला आणि राजहंस थोरलीच्या गळ्यात मारला. एक मोहरही खर्च न करता! फुलांच्या ओल्या वासात ती एकटीच मोठ्याने हसली.

मग दर रविवारी हेच. तिच्या मोहरा तिच्याकडे परत, आणि थोरली आणखी खड्ड्यात. "कोण हा मेला पाहुणा?" असं थोरलीने आळीत लिहिलं, तेव्हा धाकटीनेही खाली लिहिलं, "खरंच बाई, कोण असेल?" तिसऱ्या-चौथ्या आठवड्यानंतर एकदा बाजारहाट करताना थोरली भेटली. तिचे कान रिकामे होते. कानांतले डूल कुठे गेले, हे धाकटीने विचारलं नाही. घरी येऊन तिने लेकीला जवळ घेतलं आणि आवडीचं खायला आणलं.

पाचव्या आठवड्यात लेकीने तो खेळ फोनवरून काढून टाकला. "कंटाळा आला," म्हणाली, आणि दोरीवरच्या उड्या मारायला खाली गेली. ज्या पोरीसाठी हे सगळं चाललं होतं ती विसरली होती. खरं तर धाकटीनेही तिथेच थांबायला हवं होतं. पण तोवर ते पोरीसाठी उरलं नव्हतं. आठवडाभर मालकाची बोलणी ऐकायची, व्यापाऱ्यांच्या शिव्या खायच्या, आणि रविवारी अर्धा तास एक माणूस आपल्या बोटावर नाचवायचा, याची चटक लागली होती.

एक गोष्ट मात्र तिच्या ध्यानात आली नाही. अकरा रविवार तिने गिऱ्हाइकाचा चेहरा न बघता लिलाव केला होता. दुसऱ्या कुणी असं केलं असतं तर तिनेच त्याला ओट्यावरून खाली उतरवलं असतं.

बाराव्या रविवारी सासूबाईंच्या डोळ्याचं ऑपरेशन होऊन त्या घरी, म्हणजे थोरलीकडे, परत आल्या होत्या. सगळ्यांना बोलावणं होतं. नवरा दर रविवारी आईला भेटायला म्हणून तिथे जायचाच, आजही आधीच गेला होता. धाकटी लेकीला घेऊन साडेचारला पोचली. सासूबाई काळा चष्मा लावून कोचावर बसल्या होत्या आणि कोण आलं, कोण गेलं ते पावलांवरून ओळखत होत्या. थोरला दीर वर्तमानपत्र तोंडावर घेऊन आरामखुर्चीत घोरत होता. पोरं गच्चीत पळाली.

"ताई, चहा मी टाकते," धाकटी म्हणाली. "तुम्ही बसा."

"टाक बाई, मला आता पाच वाजता उठता येणार नाही," थोरली म्हणाली आणि जेवणाच्या टेबलाशी फोन घेऊन बसली. नवरा फ्रिजला टेकून उभा होता. बुधवार तीन दिवसांवर आला होता. "बँकेत गेलात का?" असं धाकटीने त्याला येता येताच विचारलं. "उद्या जातो," तो फ्रिजकडे बघत म्हणाला.

स्वयंपाकघर आणि जेवणाची खोली यांच्यामध्ये ताटं सरकवायची खिडकी होती. धाकटीने पाणी उकळत ठेवलं, साखरेच्या डब्याला फोन टेकवला आणि पाचाचा ठोका पडताच पाहुण्याला कामाला लावलं. तेराशे. खिडकीतून थोरलीचा चेहरा स्वच्छ दिसत होता. आज पहिल्यांदा! धाकटीला केवढं बरं वाटलं. कपाळावर आठी आली, ओठ आत गेले. चुरचुरतंय, चुरचुरू दे.

मग थोरलीने मान वर केली. घोरणाऱ्या नवऱ्याकडे नाही. फ्रिजकडे.

धाकटीचा नवरा खाली बघत आपल्या फोनवर अंगठा फिरवत होता. थोरलीचा फोन किणकिणला. थोरलीने बोली लावली, पंधराशे.

बाजारात अशी माणसं रोज येतात. बोट ती वर करतात आणि डोळे मात्र मागे उभ्या असलेल्या माणसाकडे जातात, कारण पैसे त्याचे असतात. अशा गिऱ्हाइकाला हातोडी दोन हात जास्त ताणायची, कारण दुसऱ्याच्या पैशाला कळ येत नाही. ती नजर तिने हजारदा बघितली होती. तरी तिचा विश्वास बसेना. तिने सतराशे केले, नुसतं बघायला म्हणून. थोरलीने फ्रिजकडे बघितलं. अंगठा. किणकिण. एकोणीसशे.

चहा उतू गेला. धाकटीने गॅस बंद केला, एकवीसशेची बोली लावली, फोन उचलला आणि बाहेर आली.

"एकवीसशे," ती ओट्यावरच्या आवाजात म्हणाली, आणि फोन टेबलावर थोरलीच्या फोनशेजारी ठेवला. पडद्यावर पाहुण्याचं नाव होतं.

थोरला दीर दचकून उठला. सासूबाई म्हणाल्या, "काय झालं गं? कोण ओरडलं?"

"तू?" थोरली म्हणाली. "हा पाहुणा तू आहेस?"

धाकटीने तिच्याकडे बघितलंच नाही. "गाळ्याचे किती राहिलेत?" तिने नवऱ्याला विचारलं.

"अगं, वहिनी पुढच्या महिन्यात सगळे..."

"किती?"

"दादांनी वहिनीचं कार्ड काढून घेतलं तिसऱ्या आठवड्यात. ती रडली गं माझ्यापाशी. म्हणाली, एकदाच. मग पुढच्या रविवारीही एकदाच." त्याचं तोंड पांढरं पडलं होतं. "मी नऊ वर्षांचा होतो तेव्हापासून तिने मला वाढवलंय. माझ्या वह्यांना कव्हरं घातलीत. तिला नाही कसं म्हणू?"

"मी आकडा विचारला. किती?"

त्याने फोन फिरवून दाखवला. सहा वर्षांत सोळा पगार साठले होते. आता तिथे जे उरलं होतं त्यात महिन्याचं वाणसामान भरलं नसतं. नऊ आठवडे धाकटी आपल्याच घराची भिंत फोडत होती, आणि प्रत्येक दगड पडला की हसत होती.

"माझ्याकडे काय बघतेस अशी?" थोरलीचा आवाज चढला. "मी पहिल्याच आठवड्यात सहाशेवर घेत होते. अठराशेवर कुणी नेलं? तू नेलंस! मी चढले, पण शिडी तू लावलीस."

हे खरं होतं, आणि खरं असल्यामुळेच धाकटीच्या अंगाची आग झाली. घड्याळात अठ्ठेचाळीस सेकंद राहिले होते. आळीतली सगळी नावं पडद्याच्या कडेला जमली होती.

"भावजी," थोरली म्हणाली, "आहेत तेवढे टाका. हिने मला तीन महिने लुटलंय. आता हिच्यासमोर हरू मी? सगळ्यांदेखत?"

"वेड लागलंय का तुला?" थोरला दीर म्हणाला, पण त्याच्याकडे कुणी बघत नव्हतं. सगळे फ्रिजपाशी उभ्या असलेल्या माणसाकडे बघत होते.

टाकू नका, एवढे दोन शब्द धाकटीच्या ओठांपर्यंत आले होते. पण बोली लावणाऱ्याला हातोडी कधी काही सांगत नाही. तिने नुसतं मोजायला सुरुवात केली. "एक वार," ती म्हणाली. नवऱ्याने तिच्याकडे बघितलं. "दोन वार." त्याने वहिनीकडे बघितलं. वहिनीच्या डोळ्यांत पाणी होतं. त्याचेही डोळे भरले.

अंगठा हलला. थोरलीचा फोन किणकिणला.

"तेवीसशे!" थोरली ओरडली.

धाकटीकडे चोवीसशे होत्या. समोरच्याकडे आता काही नाही, हे तिला चेहरा न बघताही माहीत होतं, आकडा तिने स्वतः बघितला होता. इथे सोडलं तर राजहंस थोरलीचा. दाबलं तर थोरली आळीसमोर हरणार, आणि तिच्या हातात परत येणाऱ्या तेवीसशे मोहरांचे कधीच कुणाचे पैसे होणार नव्हते. दोन्हीकडे गाळा गेलेलाच होता. मग एक तरी गोष्ट हातची का सोडायची?

तिने दाबलं. चोवीसशे.

"भावजी!" थोरली म्हणाली. "भावजी, टाका ना!" नवऱ्याने रिकामा फोन तिच्यासमोर धरला. मिनिट संपलं. पडद्यावर कागदी फुलं उडाली आणि पाहुण्याच्या ओसाड बागेत, जिथे एक रोपही नव्हतं, एक पांढरा राजहंस येऊन बसला. थोरलीने टेबलावर डोकं ठेवलं आणि ती लहान पोरीसारखी हुंदके देऊन रडू लागली. तीन महिने धाकटीने या क्षणाची वाट बघितली होती. ती तिथे उभी राहिली आणि आनंद व्हायची वाट बघू लागली.

"मला माहीत असतं की समोर तू आहेस," नवरा मागून म्हणाला, "तर मी एक पैसा टाकला नसता. शपथ."

धाकटी वळली.

"माहीत नव्हतं तेव्हाचं जाऊ द्या," ती म्हणाली. "माहीत झाल्यावर टाकलेत ना."

तिने लेकीला गच्चीतून हाक मारली आणि चहा न घेता निघाली.

बुधवार आला तसा गेला. गुरुवारी मालक तिला म्हणाले, "हातोडी, आज तू घरी थांब. गाळा दुसरा कुणी पुकारेल."

"का? माझा आवाज बसलाय का?" ती म्हणाली आणि ओट्यावर चढली.

कोपऱ्यावरचा गाळा नऊच्या सुमाराला निघाला. नवरा कामावर न जाता तिथे आला होता आणि खांबाआड उभा होता. तिने त्याला बघितलं, आणि बादलीकडे बघावं तसं बघून नजर पुढे नेली. पाच जण बोलीत होते. एकाने कान खाजवला, त्याला तिने आणखी दोन पायऱ्या वर नेलं. एक जण उगाच हसला, त्याला सोडून दिलं. तिसऱ्याचं तोंड असं होतं की त्याला गाळ्याशी काही देणंघेणं नाही. धाकटी त्याच्याकडे बघत राहिली, आकडा वाढवत राहिली, आणि तो घाम पुसत पुसत वर येत राहिला. एक वार. दोन वार. तिसऱ्या वाराला तिने इतका वेळ लावला की छपराखाली बादल्यांत ठिबकणारं पाणी ऐकू यायला लागलं. मग त्या माणसाने स्वतःच्याच बोलीवर बोली चढवली, आणि तिने हातोडी मारली.

त्या बाजारात आजवर कुठल्याही गाळ्याला एवढा भाव आला नव्हता.